आवक न झालेला कागद

लंकाबाई गेल्याची बातमी सहादू भोयेला चहाच्या टपरीवर कळली. शुक्रवार होता, अकरा वाजत आले होते. कार्यालयाच्या फाटकाबाहेर टेबल टाकून गेली तीस वर्षं लोकांचे दस्त लिहून देणारे अन्सारभाई बशीत चहा ओतता ओतता म्हणाले, "भोये, ती पंचवटीची म्हातारी गेली रे. आज पहाटे. गृहभेटीचा अर्ज होता बघ तिचा. तुझ्याकडेच दिला होता ना?"

"कोण म्हातारी?" सहादूने विचारलं. विचारायची काही गरज नव्हती. अर्ज त्याच्या टेबलाच्या खालच्या खणात होता, आणि आज त्याला तिथं अकरा दिवस झाले होते.

त्याने चहा तसाच ठेवला आणि जिना चढून वर गेला. खण उघडला. हिरव्या फायलीची कड दिसली. खण लगेच लावून टाकला आणि खिडकीसमोर उभ्या असलेल्या माणसाकडे बघत बसला. तो माणूस काहीतरी विचारत होता, पण सहादूच्या कानात नुसतं घूं होत होतं.

सहादू नाशिकमधल्या एका दुय्यम निबंधक कार्यालयात कनिष्ठ लिपिक होता. घरांची, जमिनींची खरेदीखतं, गहाणखतं, बक्षीसपत्रं जिथं सरकारदरबारी नोंदली जातात, तसलं कार्यालय. वय बेचाळीस. जन्म पेठ तालुक्यातल्या एका पाड्यावरचा. त्याच्या लहानपणी वाटेवर जंगलखात्याचा गार्ड दिसला, की बाप हातातली कोयती गवतात टाकून झाडाआड उभा राहायचा. काही गुन्हा केलेला नसायचा. तरी उभा राहायचा, आणि पोरालाही हाताने मागे ओढायचा. पुढे सहादू आश्रमशाळेत शिकला, परीक्षा देऊन सरकारी नोकरीला लागला. पाड्यावरून नोकरीला लागलेला तो पहिलाच. ऑर्डर घेऊन घरी गेला तेव्हा आईने एवढंच विचारलं, "मंग आता तुला भ्यावं नाय लागणार ना कुनाला?"

तो नाही म्हणाला होता. पण भ्यायची सवय हाडीमासी खिळलेली. वरच्या कार्यालयातून फोन आला की त्याचे तळहात ओले व्हायचे. तपासणी पथक येणार म्हटलं की दोन दिवस जेवण जायचं नाही. कपाटाला कुलूप लावलं की तीनदा ओढून बघायचा. काही राहून जाऊ नये म्हणून खिशात एक छोटी डायरी ठेवायचा आणि संध्याकाळी निघताना त्यात राहिलेली कामं लिहायचा. कार्यालयात त्याला सगळे काटेकोर माणूस म्हणायचे. तो काटेकोरपणा कसला होता, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

सगळ्यात जास्त तो भ्यायचा साहेबांना.

साहेब म्हणजे त्या कार्यालयाचे दुय्यम निबंधक. मनाने वाईट होते असं नाही, पण वर्षभरापूर्वी एका प्रकरणात त्यांचे हात पोळले होते. दस्त करून देणारा माणूस अंथरुणाला खिळलेला असेल, तर अधिकाऱ्याने त्याच्या घरी जाऊन अंगठा, फोटो, जबाब घ्यायचा असतो. त्यालाच गृहभेट म्हणतात. साहेब असेच एका घरी गेले, दस्त नोंदवला, आणि पुढे त्या आजाऱ्याच्या पोरांनी तक्रार केली की आमचा बाप तेव्हा शुद्धीत नव्हता. चौकशी होऊन साहेब सुटले. पण सुटल्या दिवशी त्यांनी सहादूला समोर उभं करून सांगितलं, "गृहभेटीचा कागद यापुढं माझ्या टेबलावर दिसला, तर तुझी बदली सुरगाण्याला. समजलं?"

हे कुठं लिहून ठेवलेलं नव्हतं. असलं कोण लिहून ठेवतो?

म्हणून तेरा फेब्रुवारीला, सोमवारी, भाग्यश्री ती हिरवी फाईल घेऊन खिडकीशी आली, तेव्हा सहादूने आधी साहेबांच्या केबिनकडे बघितलं होतं. भाग्यश्री पस्तिशीची, सातपूरच्या एका कारखान्यात पॅकिंगला जाणारी. निफाडकडच्या खेड्यात तिचं माहेर, पण नवऱ्याचं घर सुटल्यापासून नऊ वर्षं ती पंचवटीत आत्याजवळ राहत होती. ही आत्या म्हणजे लंकाबाई. चाळीस वर्षं भाजीबाजारात पालेभाजी विकून म्हातारीने स्वतःच्या कष्टाच्या पैशातून गल्लीत दोन खोल्या घेतल्या होत्या. नवरा केव्हाच गेलेला, मूलबाळ नाही. त्या खोल्या तिला भाचीच्या नावावर करायच्या होत्या. बक्षीसपत्र अन्सारभाईंनी लिहिलं होतं. घरी जाऊन, शेजाऱ्याला आणि स्वतःला साक्षीदार ठेवून, त्यांनी त्यावर म्हातारीचा अंगठाही घेतला होता. राहिली होती ती फक्त नोंदणी, आणि म्हातारीला तर कूस बदलायलाही माणूस लागत होता.

"डॉक्टरचा दाखला लावलाय," भाग्यश्री म्हणाली. "मूळ दस्त आतच आहे. आवक नंबर देता का, भाऊ?"

"साहेबांना दाखवतो आणि मग देतो. ठेवून जा," सहादू म्हणाला.

खरं तर कागद हातात घेतल्याबरोबर त्याच्यावर आवक क्रमांक टाकायचा, पावती द्यायची. पण एकदा क्रमांक पडला की कागद साहेबांपुढं न्यावाच लागणार. सहादूने विचार केला, आधी साहेबांचा मूड बघून तोंडी विचारू, मग क्रमांक टाकू. त्या संध्याकाळी त्याने डायरीत लिहिलं, लंकाबाई, गृहभेट, साहेबांना विचारायचे.

मंगळवारी साहेब सर्व्हर बंद म्हणून वैतागलेले होते. बुधवारी त्यांची मीटिंग होती. गुरुवारी भाग्यश्री अर्धी सुट्टी टाकून आली, त्याने तिला सोमवारनंतर यायला सांगितलं. पुढच्या मंगळवारी ती परत आली. "भाऊ, तिचं काही खरं नाही. लवकर बघा," म्हणाली. सहादू उठला, साहेबांच्या केबिनच्या दारापर्यंत गेला. आत साहेब फोनवर कुणावर तरी ओरडत होते. तो दाराशी जरा थांबला आणि परत येऊन म्हणाला, "उद्या नक्की."

आणि शुक्रवारी पहाटे म्हातारी गेली.

शनिवार-रविवार त्याने घरात कसे काढले, ते त्याची बायको हर्षालीच सांगू शकेल. मुलांवर उगाच खेकसला, जेवताना उठून गेला. सोमवारी सकाळी साहेब केबिनमध्ये एकटे आहेत असं बघून आत गेला आणि दार लोटून घेतलं. सगळं सांगितलं. सांगताना आवाज इतका खाली गेला, की साहेबांनी दोनदा "काय?" म्हणून विचारलं.

साहेबांनी पेनाला टोपण लावलं.

"आवक झालाय?"

"नाही साहेब."

"पावती दिलीस?"

"नाही."

"मग कागद आलाच नाही आपल्याकडे."

"साहेब, मूळ दस्त आहे त्यात. अंगठा केलेला."

"भोये," साहेब शांतपणे म्हणाले. ते ओरडले असते तर सहादूला बरं वाटलं असतं. "जो कागद आपल्याकडे आलाच नाही, त्यात काय आहे, ते तुला कसं माहीत? जा, काम कर."

कागद फाड असं साहेब म्हणाले नाहीत. कागद ठेव असंही म्हणाले नाहीत. जागेवर येऊन बसल्यावर सहादूच्या लक्षात आलं, की साहेब त्यातून अलगद बाहेर पडले होते, आणि आत उरला होता तो एकटाच.

तेरावं झाल्यावर भाग्यश्री आली. डोळ्यांखाली काळं झालेलं, हातात कारखान्याचं ओळखपत्र तसंच. लंकाबाईंच्या नवऱ्याकडचे दोन पुतणे दिंडोरीहून आले होते. मूलबाळ नसलेल्या विधवेच्या मालमत्तेवर कायद्याने नवऱ्याच्या माणसांचा हक्क, आणि ते त्यांना पक्कं ठाऊक होतं. तेराव्याच्या दुसऱ्याच दिवशी त्यांनी एका खोलीला आपलं कुलूप ठोकलं आणि दुसरी आठ दिवसांत रिकामी कर म्हणून तिला सांगितलं. बक्षीसपत्राचं नाव काढलं, तर दाखव म्हणाले.

"मला माझा दस्त परत द्या," ती म्हणाली. "आत्या जिवंत होती तेव्हा अकरा दिवस इथंच होता."

आवाज ऐकून साहेब बाहेर आले. "पावती आहे का ताई? आवक क्रमांक? नाही ना? मग असा कार्यालयावर आळ घेऊ नका. गुन्हा दाखल होतो."

"यांनी घेतला," भाग्यश्रीने सहादूकडे बोट केलं. "यांच्या हातात दिला मी. विचारा यांना."

खिडकीपाशी दहा-बारा माणसं होती, ती सगळी सहादूकडे बघू लागली. साहेबही बघत होते. सहादूने समोरच्या रजिस्टरचं पान उलटलं, परत जागेवर आणलं आणि म्हणाला, "रोज इतके कागद येतात. आठवत नाही."

भाग्यश्रीने ओळखपत्राची दोरी बोटाला गुंडाळली आणि जिना उतरून गेली.

त्या दिवशी संध्याकाळी सहादूने आणखी एक भलतीच गोष्ट केली. उद्या कुणी खणाची झडती घेतली तर, या भीतीने त्याने हिरवी फाईल डब्याच्या पिशवीत घातली आणि घरी नेली. कार्यालयातला कागद बाहेर नेला म्हणजे चोरीच. ते त्याला पेठ रोडला बसमधून उतरल्यावर सुचलं, आणि तो स्टॉपवरच खाली बसला. दोन माणसांनी चक्कर आली का म्हणून विचारलं.

डबा घासायला काढताना फाईल हर्षालीच्या हातात आली. ती दिंडोरीकडची, दहावी झालेली. अंगठ्याचा ठसा तिने उजेडात धरून बघितला.

"हे काय हाय?"

त्याने सांगितलं. ती ऐकत गेली तसा तिचा चेहरा उतरत गेला. सगळं झाल्यावर ती काय म्हणणार, याची तो वाट बघत राहिला. ती म्हणाली, "नोकरी जाईल?"

"जाऊ शकते."

"पोरीची बारावी हाय फुडल्या वर्षी." तिने फाईल टेबलावर ठेवली, जरा वेळाने उचलून देव्हाऱ्याखालच्या कपाटात ठेवली, आणि पुन्हा तिथूनही काढून त्याच्याच हातात दिली. "मला नको घरात. लय भ्या वाटतंय मला त्या अंगठ्याचं. तिचं तिला देऊन टाका ना. गुपचूप."

गुपचूप देऊन टाकावं, असं सहादूच्याही मनात होतं. दुसऱ्या दिवशी तो कार्यालयात जायच्या आधी अन्सारभाईंना गाठायला गेला. अन्सारभाई अजून टेबलावरचं प्लास्टिक काढत होते. त्याने पिशवीचं तोंड उघडून फाईल दाखवली. ते चकित झाले नाहीत. त्यांना बहुधा पहिल्या दिवसापासून कळलं होतं.

"अच्छा. म्हणजे आहे," ते म्हणाले. "मग दे तिला."

"दिला की मी सुटलो ना?"

अन्सारभाईंनी चष्मा पुसला. "बघ भोये. ती हा दस्त घेऊन तुमच्याच हापिसात येणार. दस्त करून देणारी मेलेली, म्हणजे तिच्या वारसांना बोलावणार. वारस कोण? ते पुतणे. ते म्हणणार, अंगठा म्हातारीचा आहे, पण मेल्यावर घेतलेला आहे. मयताचा अंगठा उठवायला किती वेळ लागतो? मी साक्षीदार आहे, पण मी दस्त लिहिणारा. म्हणतील पैसे खाऊन बोलतोय. शेजारी त्यांना बिचकतो. म्हातारी जिवंत असताना हा कागद अंगठ्यासकट कुणाच्या हातात होता? तुझ्या. कागद तू देशील रे, पण तारीख कोण देणार?"

कार्यालयाचं शटर वर जाण्याचा आवाज झाला, तेवढ्यानेही सहादू दचकला.

त्या दिवशी त्याने अर्धी रजा टाकली आणि पंचवटीत गेला. गल्ली अरुंद, एका बाजूला रिक्षा उभ्या. लंकाबाईंच्या ओट्यावर एक गादी, गॅसची शेगडी, दोन पातेली आणि कपड्यांचं बोचकं पडलं होतं. दुसऱ्या खोलीलाही कुलूप लागलं होतं. आठ दिवसांची मुदत त्यांनी एका दिवसावर आणली होती. भाग्यश्री गादीवर बसून मोबाईलवर कुणाशी तरी बोलत होती. त्याला बघून तिने फोन खाली ठेवला.

सहादूने फाईल पुढे केली. बोलायचं ठरवून आलेलं सगळं विसरला. "सगळं आहे आत," एवढंच म्हणाला.

तिने फाईल उघडून एक एक पान बघितलं. मग फाईल मांडीवर ठेवून त्यावर दोन्ही हात ठेवले. "काल म्हणालात आठवत नाही."

"हो."

"आता आठवलं?"

गल्लीच्या तोंडाशी कुणीतरी सहादूकडे बघत उभं होतं. तो झपझप निघाला आणि वळणावर गेल्यावर अक्षरशः पळाला.

पुढचं सगळं अन्सारभाई म्हणाले तसंच झालं. भाग्यश्रीने दस्त दाखल केला. या वेळी आवक क्रमांक तिने उभं राहून मागून घेतला. साहेबांनी वारसांना नोटीस काढली. थोरला पुतण्या दत्तू येऊन म्हणाला, की काकूच्या प्रेताचा अंगठा घेतलाय. वारसांनी नाकारलं म्हणून साहेबांनी नोंदणीला लेखी नकार दिला. आणि भाग्यश्रीने वकिलाकरवी महिन्याच्या आत वर जिल्हा निबंधकांकडे अर्ज केला. त्या अर्जात स्पष्ट लिहिलं होतं, की मयत हयात असताना दस्त कनिष्ठ लिपिक श्री. भोये यांच्या ताब्यात होता, आणि आत्याच्या हयातीत नोंदणी झाली नाही ती कार्यालयाच्या विलंबामुळे. सहादूला साक्षीचं समन्स आलं. साहेबांनी आपलं म्हणणं आधीच लिहून पाठवलं होतं, की असा कोणताही गृहभेट अर्ज या कार्यालयास प्राप्त नाही.

सुनावणीला चार दिवस असताना सहादू पेठ नाक्यावर भाजी घेत होता. शेजारी एक मोटारसायकल थांबली. दत्तूच होता. हेल्मेट काढून त्याने मेथीची जुडी हातात घेऊन बघितली.

"भोये भाऊसाहेब, तुमची पोरगी क्लासला जाती ना सायकलवर? निळी सायकल?"

सहादूने मान हलवली. का हलवली, त्यालाही कळलं नाही.

"जपून जायाला सांगा. ट्रक लय चालत्यात या रोडला." जुडी खाली ठेवून तो निघून गेला.

तेव्हापासून सुनावणीपर्यंत सहादू मुलीला स्वतः क्लासला सोडायचा आणि क्लास सुटेपर्यंत समोरच्या झेरॉक्सच्या दुकानापाशी उभा राहायचा. का सोडता म्हणून ती विचारायची, तर उन्हाचं निमित्त सांगायचा. हर्षालीला त्याने खरं सांगितलं. ती म्हणाली, "मंग नका ना बोलू. आठवत नाय म्हनायचं. एकदा म्हनलात ना, आनखी एकदा म्हना." पण सुनावणीच्या सकाळी त्याचा इस्त्रीचा शर्ट तिने काढून ठेवला होता, आणि खिशात डायरी नीट आहे ना, तेही बघितलं होतं.

जिल्हा निबंधक बाई होत्या, पन्नाशीच्या, हळू बोलणाऱ्या. खोलीत एका बाजूला भाग्यश्री आणि तिचा वकील, दुसऱ्या बाजूला दोघे पुतणे. साहेब भिंतीशी खुर्चीवर. सहादू साक्षीला उभा राहिला. टेबलाचा आधार घ्यावा की नाही, हे त्याला ठरवता येईना.

"हा दस्त तुम्ही पाहिला आहे का?"

"हो."

"केव्हा?"

साहेब खाकरले. दत्तू त्याच्याकडे टक लावून बघत होता.

"तेरा फेब्रुवारीला," सहादू म्हणाला. "मी घेतला. अंगठा होता त्याच्यावर. साक्षीदारांच्या सह्या होत्या. डॉक्टरांचा दाखला होता. चोवीस तारखेलाही माझ्या खणातच होता."

"कार्यालय म्हणतं, अर्ज आलाच नाही."

"मी आवक नंबर टाकला नाही, मॅडम. पावती दिली नाही. साहेबांनी सांगितलं होतं, गृहभेटीचे कागद पुढे आणायचे नाहीत म्हणून."

"खोटं आहे," साहेब म्हणाले. "असा एकही आदेश दाखवावा यांनी."

"तोंडी होता," सहादू म्हणाला. घाम कानामागून मानेवर येत होता. त्याने खिशातून डायरी काढली. "माझ्याकडे हे आहे."

बाईंनी डायरी घेतली, पानं उलटली. तेरा तारखेला थांबल्या. मग एक एक तारीख वाचत गेल्या, मोठ्याने, लिहून घेणाऱ्या कारकुनाला ऐकू जावं म्हणून. "लंकाबाई, गृहभेट, साहेबांना विचारायचे. चौदा तारीख. लंकाबाई, साहेबांना विचारायचे. पंधरा. लंकाबाई, साहेबांना विचारायचे." मधला शनिवार-रविवार सोडून तेवीसपर्यंत अशा नऊ ओळी होत्या. प्रत्येक ओळीच्या पुढेमागे त्या त्या दिवसाची दुसरी कामं, दस्तांचे खरे क्रमांक, जे कार्यालयाच्या रजिस्टरशी ताडून बघता येण्यासारखे होते. डायरी मागाहून लिहिली म्हणायला जागा राहिली नाही. आपल्याच ओळी दुसऱ्याच्या तोंडून ऐकताना सहादूला वाटलं, जमीन दुभंगावी.

"चोवीसला काय लिहिलं आहे?" बाईंनी विचारलं. त्या पानावर काहीच नव्हतं.

"ती गेली होती, मॅडम."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "भोये, नोंदणी अधिकाऱ्याने सद्भावनेने केलेल्या किंवा नाकारलेल्या कामाबद्दल कायदा त्याला संरक्षण देतो. कार्यालयातले कर्मचारी म्हणून उद्या तुम्हीही ते मागू शकता. हे काम तुम्ही सद्भावनेने थांबवलं होतं का?"

कुणीतरी त्याला पळवाट दाखवत होतं. हो म्हणायचं, की झालं. सहादूला ती वाट दिसत होती.

"मी थांबवलं नाही, मॅडम. मी केलंच नाही. भ्यालो होतो."

निकाल सहा आठवड्यांनी आला. दस्त लंकाबाईंनी हयातीत, शुद्धीवर असताना करून दिल्याचं सिद्ध होतं, सबब तो नोंदवावा, असा आदेश झाला. शेजाऱ्याने शेवटी साक्ष दिली होती. सहादूने आधी तोंड उघडलं म्हणून दिली, असं अन्सारभाई म्हणायचे. पुतण्यांनी कोर्टात जायची भाषा केली, पण खोल्यांची कुलपं निघाली. सहादूच्या मुलीला कुणी काही केलं नाही. तरी बारावीची परीक्षा संपेपर्यंत तो झेरॉक्सच्या दुकानापाशी उभा राहत होता.

खात्याची चौकशी वेगळी लागली. आवक न करता कागद ठेवणं, कार्यालयाबाहेर नेणं, दोन्ही दोष त्याने कबूल केले. दोन वर्षांची वेतनवाढ रोखली आणि निफाडला बदली झाली. साहेबांची चौकशी अजून चालू आहे असं म्हणतात. ते आता दुसऱ्या जिल्ह्यात आहेत.

बदलीच्या आधी, दस्त नोंदवला गेला त्या दिवशी, भाग्यश्री आपली प्रत घ्यायला आली होती. सहादू शेवटचं काम आवरत होता. धीर करून तो खिडकीबाहेर गेला.

"ताई, माझी चूक झाली."

तिने प्रत प्लास्टिकच्या पिशवीत घातली. "साक्ष दिलीत, बरं झालं," ती म्हणाली. "पण आभार नाही मानणार मी." मग जरा थांबून म्हणाली, "तेरा तारखेला मी घरी जाऊन सांगितलं, साहेब येणार आहेत फोटो काढायला. तर रोज सकाळी मला केस विंचरायला लावायची. हिरवं लुगडं नेसवायला लावायची, जरीचं. झोपवून ठेवू नको म्हणायची, लोडाला टेकवून बसव. बसवत नव्हतं तिला. दुपारपर्यंत दाराकडे बघत बसायची, मग म्हणायची, आज नाय वाटतं, आता निजव मला. अकरा दिवस."

ती गेल्यावरही सहादू जिन्याच्या कठड्याला धरून तिथंच उभा होता.

गेल्या वर्षी भाग्यश्रीने विलंबाच्या भरपाईसाठी दिवाणी न्यायालयात दावा लावला. पहिलं प्रतिवादी शासन, दुसरे साहेब, तिसरा सहादू. निफाडच्या पत्त्यावर समन्स आलं, तेव्हा जुनी धडधड पुन्हा सुरू झाली. त्याने वकील केला. वकिलाने कागद चाळले आणि म्हणाला, "काळजी करू नका. सद्भावना लिहू. कामाचा ताण, सर्व्हर बंद, वरिष्ठांचा तोंडी आदेश. बसतं त्यात."

मसुदा घरी आणून सहादूने तो दोनदा वाचला. मग पेन घेऊन सद्भावनेचा परिच्छेद खोडला, आणि बाजूला बारीक अक्षरात लिहिलं, की सदर कागद मयताच्या हयातीत माझ्या ताब्यात अकरा दिवस होता व त्यावर मी काहीही कार्यवाही केली नाही, हे खरे आहे. हर्षाली मागून वाचत होती.

"हे राहू द्यायचं?"

"हो."

"भ्या नाय वाटत?"

"वाटतंय ना," तो म्हणाला. त्याने खाली सही केली. सही नेहमीसारखी आली नाही, थोडी हलली, पण वाचता येत होती.

दाव्याची पुढची तारीख जूनमध्ये आहे.